पराभूताचें हास्य : ‘गिन्तामा’

हलत्या व्यंगचित्रांची विनोदी मालिका म्हणजे पोरांचा खेळ, अशी पुष्कळ वडीलधाऱ्या मंडळींची समजूत असते. ‘गिन्तामा’ ही जपानी मालिका पाहिल्यास ती समजूत टिकणार नाहीं. हरलेल्या माणसानें पुढें जगावें कसें, हा तिचा खरा प्रश्न आहे.

हिदेआकी सोराची या चित्रकथाकारानें ही कथा २००३ सालीं एका साप्ताहिकांत आरंभिली. २००६ च्या एप्रिलांत ती ‘टीव्ही टोकियो’ या वाहिनीवर आली. मध्यें खंड पडत २०१८ पर्यंत तिचे ३६७ भाग झाले, आणि २०२१ सालच्या चित्रपटानें कथेची सांगता झाली.

कथेचें स्थळ एडो, म्हणजे जुनें टोकियो. १८५३ सालीं अमेरिकन युद्धनौका जपानच्या किनाऱ्यास आल्या व १८७६ सालीं सामुराईंस उघडपणें तलवार बाळगण्याची मनाई झाली, हा इतिहास. सोराचीनें अमेरिकनांच्या जागीं परग्रहवासी कल्पिले आहेत. त्यांच्याशीं लढून हरलेला गिन्तोकी आतां कमरेला लांकडी तलवार लावतो आणि पडेल तें काम पत्करून पोट भरतो. घरभाडें नेहमीं थकलेलें. सोबतीस शिम्पाची हा ओस पडलेल्या आखाड्याचा वारस आणि कागुरा ही परग्रहावरची दांडगी, खादाड पोर. १८६३ सालीं क्योटोंत उभ्या राहिलेल्या ‘शिन्सेन्गुमी’ पथकाचे नामांकित वीरही येथें किंचित् बदललेल्या नांवांनीं, विदूषकी थाटांत वावरतात.

कोणी म्हणेल, थट्टेनें शौर्याचें गांभीर्य जातें. येथें उलट घडतें. कित्येक भाग आपण या मंडळींचीं भांडणें, उसनवारी आणि फजिती पाहत असतों. म्हणून गिन्तोकी तलवार उचलतो तेव्हां तो काय राखावयास निघाला आहे, हें सांगावें लागत नाहीं. राज्य गेलें तें गेलें. एका ताटांत जेवणारीं चार माणसें राखणें हाच त्याचा उरलेला क्षात्रधर्म. विनोदाखेरीज ही ओळख इतकी दृढ झाली नसती.

दोष नाहींत असें नव्हे. पुष्कळ विनोद ग्राम्य आहेत. तेव्हां मुलांस दाखविण्यापूर्वीं वडिलांनीं स्वतः पाहून घ्यावें. जपानी शब्दश्लेषही भाषांतरांत हरवतात. पहिले दोन भाग मूळ कथेंतले नव्हेत. नवख्यानें तिसऱ्यापासून आरंभ करावा.

पराभवानंतर शोक करणारे नायक वाङ्मयांत विपुल आहेत. हंसत हंसत पुन्हा कामास लागणारा नायक विरळा. त्याची संगत अवश्य करावी.