स्लाइड रूल : आधी अंदाज, मग उत्तर

आमच्या घरी लाकडी पेटीत, सातबाराच्या उताऱ्यांखाली, एक पिवळी पडलेली पट्टी आहे. लहानपणी मी ती वहीत रेघा मारायला घेतली, तेव्हा आबाजींनी, म्हणजे माझ्या आजोबांनी, ती हातातून काढून घेतली. "बाबू, हे काही रेघा माराची पट्टी नाही. याच्यावर नहराचं गणित झालं हाये," असे ते म्हणाले. मी कलाशाखेचा विद्यार्थी. गणिताशी माझी फारकत दहावीनंतरच झाली. तरी या पट्टीवर लिहावेसे वाटले, त्याला एक कारण घडले. ते पुढे येईलच.

या पट्टीला स्लाइड रूल म्हणतात. आपण तिला सरकपट्टी म्हणू. वर आणि खाली दोन स्थिर पट्ट्या, मध्ये मागेपुढे सरकणारी तिसरी, आणि या सर्वांवरून फिरणारी, मधोमध बारीक रेघ असलेली काच, एवढीच तिची रचना. ना बॅटरी, ना यंत्र. पण पट्टीवरचे आकडे पाहिले की नवल वाटते. 1 आणि 2 यांत भरपूर अंतर आहे, तर 8 आणि 9 अगदी दाटीवाटीने बसले आहेत.

या दाटीतच सगळे रहस्य आहे. 1614 साली स्कॉटलंडच्या जॉन नेपियर यांनी लॉगॅरिथमची कल्पना प्रसिद्ध केली. तिच्यामुळे गुणाकाराचे काम बेरजेने आणि भागाकाराचे काम वजाबाकीने भागू लागले. पुढे एडमंड गंटर यांनी हे लॉगॅरिथम एका रेषेवर अंतर म्हणून मांडले आणि विल्यम ऑट्रेड यांनी अशा दोन रेषा एकमेकींलगत सरकवल्या. 25 सेंटिमीटरच्या पट्टीवर 1 पासून 2 सुमारे साडेसात सेंटिमीटरवर असतो आणि 3 जवळजवळ बारा सेंटिमीटरवर. ही दोन अंतरे एकापुढे एक ठेवली की साडेएकोणीस सेंटिमीटर होतात, आणि नेमका तेथेच 6 हा आकडा असतो. दोन त्रिक सहा! पट्टी पाढे म्हणत नाही, ती केवळ लांबीला लांबी जोडते.

आता नहराकडे येऊ. इटियाडोह धरण गाढवी नदीवर 1970 च्या सुमारास उभे राहिले. त्याचे पाणी आपल्या लाखांदूर भागातील धानाच्या बांध्यांपर्यंत येते. आबाजी तरुणपणी नहराच्या मोजणीत साखळी धरण्याच्या कामावर होते. पुढे साहेबांनी कॅल्क्युलेटर घेतला आणि जुनी पट्टी आबाजींना देऊन टाकली.

नहरातून पाणी किती वेगाने वाहील, हे काढण्यासाठी आयर्लंडचे अभियंता रॉबर्ट मॅनिंग यांनी 1889 साली मांडलेले सूत्र वापरतात. पाण्याच्या आडव्या छेदाच्या क्षेत्रफळाला पाणी टेकते त्या तळाच्या व काठांच्या लांबीने भागायचे. येणाऱ्या संख्येचे घनमूळ काढून त्याचा वर्ग करायचा. त्याला उताराच्या वर्गमुळाने गुणायचे आणि मातीच्या खडबडीतपणाच्या आकड्याने भागायचे. ऐकूनच घाम फुटतो! पण सरकपट्टीवर वर्गांची आणि घनांची अशा वेगळ्या मापरेषा असतात. समजा, भागाकार 0.512 आला. काचेवरची रेघ घनांच्या रेषेवर 512 वर आणली की वर्गांच्या रेषेवर त्याच रेघेखाली 64 दिसतात, म्हणजे 0.64. मधली पट्टी हलवावीही लागत नाही. उतार 2500 मीटरला 1 मीटर असेल, तर त्याचे वर्गमूळ 0.02 होते. मातीच्या नहरासाठी खडबडीतपणा 0.0225 धरला, तर वेग सेकंदाला सुमारे 0.57 मीटर येतो.

मात्र पट्टी फक्त 57 दाखवते. दशांशचिन्ह ती सांगत नाही. उत्तर 0.057, 0.57 की 5.7, हे माणसानेच ठरवायचे. 5.7 म्हणजे पाणी सायकलीच्या वेगाने धावणार आणि मातीचा नहर खरडून नेणार. 0.057 म्हणजे गाळ साचणार आणि शेवटच्या शेतकऱ्याची बांधी कोरडी राहणार. म्हणून पट्टी वापरणारा आधी मनाशी अंदाज बांधत असे.

आता माझी फजिती सांगतो. एका पावसाळ्यात पऱ्ह्यांवर तणनाशक फवारायचे होते. लिटरला 2 मिलिलिटर, पंप 15 लिटरचा. मी मोबाइलवर घाईत 15 गुणिले 20 केले. उत्तर 300 आले आणि मी तेवढे औषध ओतले. बाटली भराभर रिकामी होत होती, तरी मनात शंका आली नाही, कारण यंत्राने सांगितले होते ना! चार दिवसांत बरेचसे पऱ्हे करपले. दुसऱ्या गावाहून विकत आणावे लागले आणि रोवणी लांबली. आबाजी रागावले नाहीत. पेटीतली पट्टी काढून त्यांनी माझ्या हातात दिली आणि म्हणाले, "पयले सांग, उत्तर किती येईल? मंग मोज." त्या संध्याकाळी मी ती पट्टी वापरायला शिकलो.

1972 साली ह्यूलेट-पॅकार्ड कंपनीचा एचपी-35 हा खिशात मावणारा वैज्ञानिक कॅल्क्युलेटर 395 डॉलरला बाजारात आला आणि थोड्याच वर्षांत सरकपट्टीचे दिवस सरले. अपोलो यानांतून चंद्राकडे गेलेल्या अंतराळवीरांजवळही ती होती. ती गेली याचे दुःख करण्याचे कारण नाही. कॅल्क्युलेटर वेगवान आहे, अचूक आहे. सरकपट्टीवर जेमतेम तीन अंक वाचता येतात, तो दहा अंक देतो. पण पंपात औषध किती ओतावे, हे त्या दहा अंकांनी मला वाचवून सांगितले नाही. पट्टीने ते सांगितले असते असेही नाही. तिने मला आधी विचारायला लावले असते, एवढेच.

मित्रहो, गणित आपला विषय नसेल, पण अंदाज हा तर सर्वांचाच विषय आहे. बटण दाबण्याआधी क्षणभर थांबून 'उत्तर साधारण किती यावे?' हे स्वतःला विचारावे. माझ्यापुरते सांगायचे, तर करपलेल्या पऱ्ह्यांनी मला तेवढे शिकवले.