जळालेल्या रिळांचा खटला

‘किस्सा कुर्सी का’ काढणारे अमृत नाहटा विरोधी पक्षातले नव्हते. राजस्थानातल्या बाडमेरचे ते काँग्रेसचेच खासदार. एप्रिल १९७५मध्ये चित्रपट सेन्सॉरकडे गेला. गंगाराम नावाचा भामटा त्यात राष्ट्राध्यक्ष होतो, निवडणुकीत छोट्या मोटारीचं चिन्ह मिरवतो. शबाना आझमींची ‘जनता’ मुकी. सगळे तिच्या नावाने शपथा घेतात आणि तिलाच लुबाडतात. संजय गांधींचा मारुती प्रकल्प गाजत असताना ती मोटार कोणाची, हे प्रेक्षकाला वेगळं सांगावं लागलं नसतं.

सेन्सॉर बोर्डाच्या समितीकडून चित्रपट केंद्र सरकारकडे गेला आणि नाहटांना ५१ आक्षेपांची नोटीस आली. ११ जुलैला त्यांनी उत्तर दिलं, की पात्रं काल्पनिक आहेत. तोवर आणीबाणी लागून पंधरवडा उलटला होता. चित्रपटावर बंदी आली, निगेटिव्हसह प्रिंटा सरकारने ताब्यात घेतल्या. नाहटा सर्वोच्च न्यायालयात गेले. न्यायमूर्तींनी चित्रपट पाहायचं ठरवलं, नोव्हेंबरातली तारीखही दिली. पण सरकारने कळवलं, प्रिंट सापडत नाही.

पुढे फिर्यादी पक्षाने मांडलेली हकीकत अशी: १३ पोलादी ट्रंकांमधून १५० रिळं गुडगावच्या मारुती कारखान्यात नेली आणि तिथे जाळली.

१९७७मध्ये सरकार बदललं, आणीबाणीतल्या अतिरेकांच्या चौकशीसाठी शाह आयोग बसला, संजय गांधी आणि माजी माहितीमंत्री विद्याचरण शुक्ल यांच्यावर खटला उभा राहिला. साक्षीदार फिरवले जाताहेत म्हणून मे १९७८मध्ये सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या पीठाने संजय गांधींचा जामीन महिन्यासाठी रद्द केला. हे चंद्रचूड आपल्या पुण्याचे. आणीबाणीत नागरिकाला अटकेविरुद्ध दाद मागता येणार नाही, असं १९७६मध्ये म्हणणाऱ्या बहुमतातही ते होते. न्यायालयाचा कणा काळाबरोबर कसा वाकतो आणि सरळ होतो, ते या दोन निकालांत दिसतं.

फेब्रुवारी १९७९मध्ये दोघांना शिक्षा झाली. एप्रिल १९८०मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोघांना निर्दोष सोडलं. गुन्हा संशयातीत सिद्ध झाला नव्हता. तोवर इंदिरा गांधी पुन्हा सत्तेवर आल्या होत्या.

नाहटांनी चित्रपट नव्याने काढला, तो १९७८मध्ये लागला आणि फारसा चालला नाही. भीती ओसरल्यावर विडंबनाची धारही बोथट होते. तो ज्या दिवसांसाठी काढला होता, त्या दिवसांत तो लोकांपुढे आलाच नाही. खरा तोटा हाच, आणि कोणत्याही निकालाने तो भरून निघाला नसता.

म्हणून मला आगीइतकीच आधीची कागदपत्रं महत्त्वाची वाटतात. समिती, नोटीस, उत्तर, बंदी, जप्ती: प्रत्येक पायरीवर सही-शिक्का होता. दाद मागणारा माणूस कोर्टात उभा होता आणि वस्तू मात्र प्रतिवादीच्या कोठडीत होती. दाद मागण्याची अडचण आजही आहे: सेन्सॉरविरुद्ध अपील ऐकणारं न्यायाधिकरण २०२१मध्ये बंद झालं. आता निर्मात्याला थेट उच्च न्यायालय गाठावं लागतं, आणि छोट्या निर्मात्याला तो खर्च आणि तो काळ परवडत नाही. राजकीय विनोदाला उशीर म्हणजेच बंदी. अपिलाची ती जवळची, स्वस्त, स्वतंत्र जागा पुन्हा उभी राहिलीच पाहिजे.