शाईचे रॉकेट आणि फाळक्यांच्या आगकाड्या

अमेरिकी शास्त्रज्ञ रॉबर्ट गॉडर्ड यांचे द्रव इंधनावरील पहिले रॉकेट 16 मार्च 1926 रोजी उडाले. अवघे अडीच सेकंद, 41 फूट उंच. त्याच्या दोन वर्षे आधी मॅक्स फ्लायशर यांच्या ‘ट्रिप टू मार्स’ या मूक विनोदी चलच्चित्रात कोको हा विदूषक रॉकेटातून मंगळाच्या वाटेला लागलाही होता!

चित्रकाराला हे साधे, याचे कारण खर्चात आहे. मूकपटाच्या काळात पडद्यावरच्या एका सेकंदासाठी साधारण 16 चौकटी लागत. पात्र स्वयंपाकघरात जावो की शनीच्या कड्यावर, शाई तेवढीच. शिवाय आवाज नसल्याने विनोदाचा सारा भार आकृतीवर. फेलिक्स मांजराच्या डोक्यावरचे प्रश्नचिन्हसुद्धा हत्यार म्हणून कामी येई. 1928च्या ‘अ‍ॅस्ट्रोनोमियस’मध्ये तोही अंतराळात गेला. गुरुत्वाकर्षणाचा नियम मोडणे हाच तिथला विनोद.

हे तंत्र आपल्याकडेही अनोळखी नव्हते. दादासाहेब फाळके यांनी 1912 मध्ये कुंडीतल्या वाटाण्याचे थोड्याथोड्या अंतराने चित्रीकरण करून ‘अंकुराची वाढ’ दाखवली आणि त्या जोरावर भांडवल उभे केले. पुढे महायुद्धामुळे कच्च्या फिल्मची टंचाई झाली, तेव्हा ते लघुपटांकडे वळले. ‘आगकाड्यांची मौज’ (1915) हा त्यांपैकीच. काडी किंचित सरकवायची, एक चौकट टिपायची, पुन्हा सरकवायची; पडद्यावर काड्या आपोआप हलू लागत.

मग फाळक्यांनी काडीचे रॉकेट का केले नाही? त्यांच्या प्रेक्षकाला आकाशात नेण्यासाठी यंत्राची गरज नव्हती, हे बहुधा खरे उत्तर. ‘लंकादहन’मध्ये (1917) हनुमानाचे उड्डाण छायाचित्रणाच्या करामतीने साधले आणि लोकांनी ते भक्तिभावाने पाहिले. अमेरिकेत आकाश थट्टेचा विषय होता, इथे पुराणाचा.

त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घेई, आणि नुसती पडून राहिली तरी कुजे. पुण्यातील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले 1964 मध्ये, फाळक्यांच्या निधनानंतर वीस वर्षांनी. ‘लंकादहन’चे काही तुकडे उरले आहेत. ‘आगकाड्यांची मौज’ मात्र हरवली आहे. कोकोची मंगळयात्रा आजही पाहता येते.