घंटा ओतणारा मुलगा

रशियन चित्रपट म्हटला की आपल्याला प्रथम आयझेन्स्टाइन आणि त्याचा ‘बॅटलशिप पोटेमकिन’ आठवतो. परंतु त्याच्या पुढच्या काळात असा एक दिग्दर्शक होऊन गेला, की ज्याने चोवीस वर्षांत अवघे सात मोठे चित्रपट काढले आणि तरीही जगाच्या चित्रपट-इतिहासात अढळ स्थान मिळवले. त्याचे नाव आंद्रेई तारकोव्हस्की.

त्याचा जन्म ४ एप्रिल १९३२ रोजी झावराझ्ये या खेड्यात झाला. वडील आर्सेनी हे कवी. पण आंद्रेई लहान असतानाच ते घर सोडून गेले. आई मारिया हिने छापखान्यात मुद्रिते तपासून दोन मुलांना वाढवले. तरुणपणी आंद्रेईने अरबी भाषेचा अभ्यास अर्ध्यावर सोडला, भूगर्भ-संशोधकांच्या तुकडीबरोबर सैबेरियात भटकंती केली आणि १९५४ साली मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत मिखाईल रोम यांच्या हाताखाली तो शिकू लागला. ‘इव्हानचे बालपण’ या पहिल्याच मोठ्या चित्रपटाला १९६२ साली व्हेनिसच्या महोत्सवात ‘सुवर्णसिंह’ मिळाला.

मला मात्र सांगायचे आहे ते ‘आंद्रेई रुब्लेव’विषयी. रुब्लेव हा पंधराव्या शतकातील देवप्रतिमा रंगवणारा साधू. तातारांच्या स्वाऱ्या, जाळपोळ आणि कत्तल पाहून तो चित्रे काढणे सोडतो, बोलणेही सोडतो. चित्रपटाच्या अखेरीस बोरिस्का नावाचा एक पोर येतो. राजाला मोठी घंटा ओतून हवी असते. पण गावातील सारे घंटाकार साथीत मेलेले असतात. बोरिस्का म्हणतो, ‘‘वडिलांनी मरताना घंटेचे गुपित मला सांगितले आहे.’’

मग काम सुरू होते. योग्य माती सापडेपर्यंत तो साऱ्यांना खोळंबून ठेवतो आणि शेवटी पावसात घसरून पडतो तेव्हा त्याला ती माती सापडते. खड्डा खणतात, साचा घडवतात, भट्ट्या पेटवतात, धातूचा रस साच्यात सोडतात. घंटा वाजली नाही तर डोके उडणार! घंटा वाजते. आणि बोरिस्का चिखलात पडून हुंदके देतो. कारण बापाने काहीच सांगितलेले नसते. त्याला पोटाशी धरून रुब्लेव कित्येक वर्षांनी बोलतो आणि पुन्हा चित्रे काढायचे ठरवतो.

माझ्या घरात कॉलेजची पायरी चढणारा मी पहिलाच. माझ्या वडिलांनी मला पेरणीची वेळ आणि बैलाची पारख शिकवली. पण संदर्भग्रंथ कसा वाचावा, परीक्षेत प्रश्नाचा रोख कसा ओळखावा, हे त्यांनी कोठून सांगावे? म्हणून बोरिस्काचे रडणे मला फार जवळचे वाटले. वडिलांच्या गुपिताची गोष्ट खोटी होती, पण माती शोधणारे पाय खरे होते. शिवाय लहानपणी बापाच्या कामाभोवती वावरताना त्याच्या नजरेत काहीतरी उतरले असणारच! तोही वारसाच नव्हे काय?

खुद्द तारकोव्हस्कीलाही वाट सोपी नव्हती. १९६६ साली पुरा झालेला ‘रुब्लेव’ सरकारी खात्याने अडवून धरला. सोव्हिएत प्रेक्षकांना तो १९७१ साली पाहायला मिळाला. पुढे ‘सोलारिस’ (१९७२), ‘आरसा’ (१९७५) आणि ‘स्टॉकर’ (१९७९) आले. ‘स्टॉकर’चे बरेच चित्रीकरण फिल्म धुताना वाया गेले, तेव्हा त्याने तो पुन्हा चित्रित केला. १९८३ साली इटलीत ‘नॉस्टॅल्जिया’ पुरा झाला आणि १९८४ साली त्याने मायदेशी न परतण्याचा निर्णय मिलान येथे जाहीर केला. त्याचा मुलगा मात्र मॉस्कोतच अडकला. बाप कर्करोगाने आजारी पडल्यावरच, १९८६ च्या जानेवारीत, त्याला बाहेर येऊ दिले.

स्वीडनमध्ये घेतलेला शेवटचा चित्रपट ‘बलिदान’ तारकोव्हस्कीने या मुलालाच अर्पण केला आहे. त्यात एक बाप आपल्या लहानग्याबरोबर वाळलेले झाड जमिनीत रोवतो आणि अशाच झाडाला रोज नेमाने पाणी घालणाऱ्या साधूची गोष्ट सांगतो. २९ डिसेंबर १९८६ रोजी पॅरिस येथे तारकोव्हस्कीचे निधन झाले. चित्रपटाच्या शेवटी बाप जवळ नसतो; तो मुलगा जड बादल्या ओढत एकटाच झाडाला पाणी घालायला येतो.