‘पूर्वेचा मोती’ आणि ऑर्डरप्रमाणे गाडी बनवण्याचा धंदा

या आठवड्याच्या व्हिडिओत मी एका जुन्या रोल्स-रॉइसचं नाव घेतलं आणि पुढे निघून गेलो. ती गोष्ट दोन मिनिटांत सांगण्यासारखी नव्हतीच. म्हणून इथे सविस्तर लिहितोय.

आपल्या उरण-न्हावा शेवा पट्ट्यातून मला सगळ्यात जास्त येणारा प्रश्न म्हणजे, “सर, गाडी मॉडिफाय करायचं गॅरेज टाकू का?” विचारणाऱ्याच्या हातात बऱ्याचदा साडेबारा टक्क्यांच्या प्लॉटचे पैसे असतात. हे पैसे आयुष्यात एकदाच येतात. म्हणून आधी हा धंदा शंभर वर्षांपूर्वी कसा चालायचा आणि नंतर कसा बसला ते बघा.

साल १९०८. मुंबई ते कोल्हापूर अशी मोटारींची परीक्षा ठेवली होती. एकूण ६२० मैल, म्हणजे साधारण १,००० किलोमीटर, आणि वाटेत ६ घाट. आज आपण बोगद्यातून एसी लावून जातो, तेव्हा बैलगाड्यांचे रस्ते होते. फ्रँक नॉर्बरी नावाच्या गृहस्थांनी या परीक्षेत आपली रोल्स-रॉइस उतरवली. ६ सिलिंडर, ७ लिटरचं इंजिन, जगात ‘सिल्व्हर घोस्ट’ म्हणून गाजलेलं मॉडेल. नॉर्बरींनी आपल्या गाडीला नाव दिलं होतं ‘पर्ल ऑफ द ईस्ट’, पूर्वेचा मोती. गाडीने घाट पार केले, परीक्षा जिंकली आणि नंतर ती ग्वाल्हेरच्या माधवराव शिंदे महाराजांनी विकत घेतली.

शिंदे घराणं मूळचं सातारा जिल्ह्यातल्या कण्हेरखेडचं. त्यामुळे हा घाटरस्ता म्हणजे काय, हे त्यांना वेगळं सांगायला नको! आणि हौस म्हणाल तर, याच महाराजांच्या जेवणाच्या टेबलावर पाहुण्यांपुढे पदार्थ फिरवणारी चांदीची छोटी रेल्वे होती. असं गिऱ्हाईक मिळालं की कस्टमायझेशनवाल्याचं भाग्य उघडलंच.

आता इथे धंद्याचा भाग नीट समजून घ्या. कंपनीने आदल्याच वर्षी, १९०७ मध्ये, ब्रिटनमध्ये हीच गाडी जवळपास १५,००० मैल पळवून दाखवली होती. पण तिकडचा आकडा इकडच्या गिऱ्हाइकाला काय कामाचा? त्याला प्रश्न पडतो तो आपल्या घाटाचा, आपल्या धुळीचा. नॉर्बरींच्या गाडीने त्याचं उत्तर इथल्याच रस्त्यावर दिलं. तुम्ही सीट कव्हर विकत असाल तर कॅटलॉग दाखवू नका, स्वतःच्या गाडीत दोन पावसाळे वापरलेलं कव्हर दाखवा.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. त्या काळात रोल्स-रॉइस कंपनी पूर्ण गाडी विकतच नव्हती! ती विकायची फक्त चेसिस. म्हणजे फ्रेम, इंजिन, गिअर, चाकं आणि पुढची ती ओळखीची जाळी. १९१० च्या आसपास या नुसत्या चेसिसची किंमत होती ९८५ पौंड. मग गिऱ्हाईक ती बार्कर किंवा हूपरसारख्या बॉडी बनवणाऱ्यांकडे न्यायचं. तिथे लाकडाचा सांगाडा, त्यावर हाताने ठोकलेला पत्रा, आत चामड्याच्या गाद्या, वर रंगाचे थरावर थर. त्याचं बिल वेगळं. आपल्याकडे ट्रकची चेसिस घेऊन बॉडी बिल्डरकडे जातात ना, अगदी तसंच. हायवेवर केबिनशिवायची उघडी चेसिस, तोंडाला गमछा बांधून नेणारा ड्रायव्हर तुम्ही पाहिलाच असेल.

संस्थानिकांनी या पद्धतीचं सोनं केलं. कुणाला शिकारीसाठी बंदुका ठेवायची सोय हवी, कुणाला राणीसाहेबांसाठी पडदे. राजकोटच्या ठाकूरसाहेबांची १९३४ ची ‘स्टार ऑफ इंडिया’ तर भगव्या छटेची, आणि तिचे दिवे स्टिअरिंगबरोबर वळायचे.

मग एवढा चांगला धंदा बंद का पडला? लोक म्हणतात राजे गेले म्हणून. मला हे अर्धंच खरं वाटतं. अटल सेतूच्या पलीकडच्या टोकाला शिवडी आहे. तिथे जनरल मोटर्सने १९२८ मध्ये भारतातला पहिला मोटार जोडणीचा कारखाना काढला. बॉडीसकट तयार गाडी, भाव ठरलेला, शिंप्याकडे न जाता रेडीमेड शर्ट घ्यावा तशी. दुसऱ्या महायुद्धानंतर खुद्द रोल्स-रॉइसने कारखान्यातच पूर्ण गाडी बनवायला सुरुवात केली, आणि १९६५ च्या ‘सिल्व्हर शॅडो’मध्ये तर चेसिस आणि बॉडी एकच झाली. आता बॉडीवाल्याने काम करायचं कशावर? त्याचं कौशल्य कमी झालं नव्हतं. ज्या वस्तूवर त्याचा धंदा उभा होता, ती वस्तूच बदलली.

हे आपल्या दारात पण चाललंय. बंदराबाहेर रांगेत दिवस काढणाऱ्या ट्रेलरवाल्यांना केबिनचे पंखे, पडदे, गाद्या लागतात. माझ्या दुकानात ही गिऱ्हाइकी मोठी आहे. पण १ ऑक्टोबर २०२५ पासून बनणाऱ्या मध्यम आणि जड ट्रकना एसी केबिन सक्तीची झाली. जुने ट्रक रस्त्यावर आहेत तोवर पंखा खपेल, पण पंख्यांचा मोठा साठा आज मी भरणार नाही. गादी आणि पडद्याचा भरेन.

आता कायदा. मोटार वाहन कायद्याचं कलम ५२ सांगतं की कंपनीने ठरवलेल्या आणि आरसीवर नोंदलेल्या तपशिलाशी विसंगत बदल गाडीत करता येत नाही. जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही हेच उचलून धरलं. सीएनजी किट मान्यताप्राप्त हवं आणि आरसीवर चढवावं लागतं. रंग बदलला तरी आरटीओत नोंद हवी. छत कापणं, फ्रेम लांब करणं, दुसरंच इंजिन टाकणं, असली ऑर्डर कितीही मोठी असली तरी सोडून द्या. गाडी अडकली की गिऱ्हाईक तुमच्याच दारात येतं.

“मग जुनी फियाट घेऊन सजवतो, व्हिंटेज म्हणून नोंदवतो” असंही काही जण म्हणतात. थांबा जरा! २०२१ च्या नियमांप्रमाणे व्हिंटेज नोंदणीला गाडी पहिल्या नोंदणीपासून ५० वर्षांहून जुनी लागते, आणि मूळ रूपात लागते. चेसिस, बॉडी किंवा इंजिनात फेरफार चालत नाही. नव्या नोंदणीला २०,००० रुपये, मुदत १० वर्षं, नंबरात ‘व्हीए’ ही अक्षरं, आणि धंद्यासाठी रस्त्यावर फिरवायची परवानगी नाही. गंमत बघा, राजाच्या गाडीची ऑर्डरची बॉडी हेच तिचं मूळ रूप, कारण ती पहिल्या दिवसापासून तशीच होती. तुम्ही आज फियाटला बसवाल ती बॉडी मात्र फेरफार ठरते.

म्हणजे जुन्या गाड्यांमध्ये खरं काम आहे ते मूळ रूप परत आणण्याचं. डेंटिंग, जुन्या पद्धतीची गादी, रबर, वायरिंग. त्याला हात लागतो आणि सबुरी लागते, पण मोठं भांडवल लागत नाही. अशा कामाचं कोटेशन करताना पार्ट्स आणि मजुरी वेगवेगळी लिहा, जशी चेसिस आणि बॉडीची बिलं वेगळी असायची. पार्ट्सचे पैसे आधी घ्या. कोटेशनचा नमुना पुढच्या व्हिडिओत दाखवतो, वही-पेन घेऊन बसा.