कारभार आपला, तर सभाही आपली



१८५२ साली रॉयल वाइल्डर हे अमेरिकन मिशनरी कोल्हापुरात आले. १८९४ साली डॉ. विल्यम वॉनलेस यांनी मिरजेत इस्पितळ उघडले. त्या काळी मिशनच्या कामाला पैसा अमेरिकेतून येई आणि मोठे निर्णयही तिकडचे मिशन बोर्डच घेई.

२९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपुरात सहा चर्चसंस्था एकत्र येऊन ‘चर्च ऑफ नॉर्थ इंडिया’ स्थापन झाली. कोल्हापूर धर्मप्रांत तिच्यातलाच. बिशप हे त्याचे प्रमुख. पण कारभार एकट्याचा नाही. पाळक आणि मंडळ्यांनी निवडलेले सभासद परिषदेत बसून विचार करतात.

आपल्या दूध सोसायटीचेही असेच नाही का? चेअरमन कितीही भला असो, सभासदाने सभेला जायचे सोडले, हिशेब विचारायचा सोडला, की संस्था नावालाच आपली उरते. मंडळी असो वा सोसायटी, हाती आलेला कारभार राखायचा तो आपणच.

तेव्हा यंदा वार्षिक सभेची नोटीस आली की ती घडी घालून फळीवर ठेवू नका. घरात सर्वांना वाचून दाखवा, आणि सभेला जाताना तरण्या मुलाला, लेकीला, सुनेलाही बरोबर न्या. उद्याचे कारभारी तेच आहेत.