गरिबीचे बावन्न गुण

१९८७ साली मुरबाड तालुक्यातल्या एका बँकशाखेत मी फील्ड ऑफिसर होतो. एकात्मिक ग्रामीण विकास कार्यक्रमाखाली शेळ्या-म्हशींसाठी कर्जे वाटण्याचे ते दिवस. सरकारी व्याख्या सुटसुटीत होती : पाच माणसांच्या कुटुंबाचे वार्षिक उत्पन्न ६,४०० रुपयांखाली असेल तर ते गरीब, त्यातही ४,८०० च्या आतले आधी निवडायचे. आदिवासी असेल तर निम्मी सबसिडी. टोकावड्याच्या बाजूला एका ठाकरवाडीत नागली पाखडत बसलेल्या मावशींना मी अर्जातला रकाना वाचून दाखवला, "वर्षाचं उत्पन्न किती?"

"वर्साचा कोन मोजतो, सायेब? कणगी शिमग्यापर्यंत पुरते. मंग भट्टी."

मी ४,५०० लिहिले. त्या वाडीतल्या सगळ्याच अर्जांवर मी साडेचार हजारांच्या आगेमागे आकडे टाकले होते. पुढे तपासणीला आलेल्या साहेबांनी 'आकडे सुसंगत' असा शेरा मारला. सुसंगत असणारच, सगळे एकाच डोक्यातून निघालेले!

माणसागणिक बदलणाऱ्या गोष्टीला समाजशास्त्र आणि मानसशास्त्राच्या पुस्तकांत 'चल' म्हणतात. वय, उंची हे सोपे चल. पण बुद्धी, चिंता, गरिबी यांना टेप लावता येत नाही. कोणती खूण दिसली म्हणजे ती गोष्ट आहे असे धरायचे, हे आधी ठरवावे लागते. मग मापाची परीक्षा दोन अंगांनी. पुन्हा मोजले तर तेच उत्तर येते का, ही विश्वसनीयता. आणि जे मोजायचे तेच मोजले का, ही सप्रमाणता. वाण्याचा काटा रोज न चुकता पाव किलो मारत असेल तर तो विश्वसनीय खरा, सप्रमाण नव्हे. माझे अर्ज त्या काट्याच्या जातीचे होते.

ही व्याख्या करण्याचा मोठा प्रयत्न आपल्या पुण्यातच झाला. गोखले अर्थशास्त्र संस्थेतल्या वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांनी १९७१ साली माणशी रोज २,२५० उष्मांकांचे अन्न हा आधार धरून देशातली गरिबी मोजली. पोट ही खूण धरली, हे मला आजही शहाणपणाचे वाटते. पण तो अंदाज देशाचा होता. सरकारला पुढे घरांची यादी हवी झाली, आणि कोणाच्या चुलीवर किती उष्मांक शिजतात हे दारात उभे राहून कसे कळणार?

म्हणून २००२ साली तेरा प्रश्नांचा फॉर्म आला. प्रत्येकाला शून्य ते चार गुण, एकूण बावन्न. गुण जितके कमी तितके घर गरीब. शहापूर तालुक्यात एका ग्रामसेवकाच्या ओटीवर तो फॉर्म मी पहिल्यांदा वाचला. माणशी कपडे किती, हा एक प्रश्न. (दांडीवरचे मोजायचे की अंगावरचेही, हे ग्रामसेवकाने मलाच विचारले.) पण मी अडकलो तो कर्जाच्या प्रश्नावर. रोजच्या खाण्यापिण्यासाठी सावकाराकडून कर्ज असेल तर शून्य गुण. फक्त संस्थेचे कर्ज असेल तर तीन. म्हणजे पावसाळ्यात पोटासाठी वीटभट्टीच्या शेटकडून उचल घेणाऱ्याला शून्य, आणि त्याच पोटासाठी आदिवासी विकास महामंडळाची खावटी घेणाऱ्या शेजाऱ्याला तीन! भूक एकच, फरक पावतीचा. माणसे सावकाराच्या दारातून बँकेच्या दारात आणली याचा मला उभ्या नोकरीत अभिमान होता. त्यातल्या प्रत्येकाला मी तीन गुणांनी श्रीमंत करून ठेवले होते, असे आता हा कागद सांगत होता.

स्थलांतराचेही तसेच. मोलमजुरीसाठी गाव सोडणाऱ्याला शून्य, हंगामी कामासाठी सोडणाऱ्याला एक, न सोडणाऱ्याला तीन. दिवाळीनंतर अख्खी वाडी कल्याण-भिवंडीकडच्या भट्ट्यांवर जाते, तेव्हा मागे राहतात ते चालवत नाही म्हणून राहिलेले म्हातारे. त्यांना तीन. बरे, रेषा किती गुणांवर ओढायची हे राज्याच्या वाट्याला आलेल्या संख्येवरून ठरायचे; त्यामुळे दोन-तीन गुणांची चूक म्हणजे घरकुल हुकणे.

फॉर्म करणारे मूर्ख होते असे मी म्हणणार नाही. यादीशिवाय धान्य वाटता येत नाही, आणि यादी करायची तर दाराबाहेरून दिसेल अशी खूण लागते. २०११ च्या सामाजिक-आर्थिक पाहणीत थोडी सुधारणा झाली. निराधार, बेघर, मुक्त वेठबिगार आणि आदिम जमाती यांना गुण न मोजताच यादीत घ्यायचे ठरले. आपल्याकडचे कातकरी त्यात आले. ठाकर आदिम जमातीत मोडत नाहीत, त्यांचे मोजमाप चालूच राहिले.

त्या मावशींचे उत्तर मात्र माझ्या डोक्यातून गेले नाही. मुरबाडला असेपर्यंत मी वाड्यांवर उत्पन्न विचारून झाले की हळूच विचारायचो, "कणगी कधीपर्यंत?" उत्पन्नाला अडखळणारी माणसे याला पटकन उत्तर द्यायची. कोणी संक्रांत म्हणे, कोणी शिमगा, कोणी आखाती. फॉर्मला तो रकाना नव्हता, म्हणून मी डायरीत नावापुढे सण लिहून ठेवी. मार्चअखेरीला वसुलीला निघालो की ती डायरी काढायची. ज्यांच्या नावापुढे संक्रांत होती, त्यांच्या दारात बहुधा शेळ्या उरलेल्या नसत.